संगणकीय त्रुटिसंदेशांचे अनुकरण करणाऱ्या आज्ञावल्या : एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

संगणकाच्या पडद्यावर उमटणारा त्रुटिसंदेश हा इतर सूचनांहून वेगळ्या जातीचा असतो. सरकारी परिपत्रक, वर्तमानपत्रातील जाहिरात, दुकानदाराचा सल्ला यांमागे कोणाचा ना कोणाचा हेतू असतो आणि वाचणारा तो हेतू जमेस धरूनच वाचत असतो. यंत्राने 'बिघाड झाला आहे' असे सांगितले की मात्र त्यामागील हेतू शोधण्याची गरज कोणालाच वाटत नाही. यंत्राला खोटे बोलण्याचे कारण काय, असा हा साधा तर्क आहे. त्यातील उणीव एवढीच, की संदेश पडद्यावर यंत्र दाखवीत असले तरी तो लिहिलेला माणसाने असतो. आणि जे एका माणसाने लिहिले त्याची नक्कल दुसरा करू शकतो.

खरा बिघाड नसताना बिघाडाचा संदेश दाखविणाऱ्या आज्ञावल्यांचा इतिहास प्रस्तुत लेखात पाहावयाचा आहे. थट्टा, मग जाहिरात आणि शेवटी फसवणूक अशी या इतिहासाची वाट असावी, असे प्रथमदर्शनी वाटते. वस्तुस्थिती तशी नाही. फसवणूक आधीच हजर होती. थट्टेला भर आला तो पुढे, वैयक्तिक संगणकाच्या काळात.

खोटे प्रवेशद्वार

एका मोठ्या संगणकाला अनेक टर्मिनले जोडून तो अनेकांनी एकाच वेळी वापरण्याची पद्धत विद्यापीठांत १९६० व १९७० च्या दशकांत रुळली. प्रत्येकाला नाव व परवलीचा शब्द देऊन आत जावे लागे. याच पद्धतीने एका युक्तीला जन्म दिला. युक्ती करणारा स्वतःच्या नावाने आत शिरे, प्रवेशाच्या पडद्यासारखाच पडदा दाखविणारी एक लहानशी आज्ञावली चालू करी आणि टर्मिनल तसेच सोडून निघून जाई. पुढचा माणूस येऊन नाव व परवलीचा शब्द टंकित करी. आज्ञावली ते दोन्ही एका फाइलीत लिहून ठेवी, 'प्रवेश अमान्य' असा संदेश दाखवी आणि स्वतः संपून जाई. त्यानंतर पडद्यावर येई ते खरे प्रवेशद्वार. दुसऱ्या खेपेला प्रवेश मिळाला की त्या माणसाच्या मनात शंकाही उरत नसे.

या युक्तीचा सर्व भार त्या खोट्या त्रुटिसंदेशावर होता. परवलीचा शब्द टंकताना पडद्यावर उमटत नाही. त्यामुळे आपण तो बरोबर टंकला होता की नाही हे माणसाला पडताळून पाहता येत नाही. संदेश सांगतो की चूक तुमची आहे, आणि माणूस ते निमूटपणे मान्य करतो. फसविल्या गेलेल्यालाच अपराधी वाटावयास लावण्याचे हे तंत्र पुढील पन्नास वर्षांत फारसे बदललेले नाही.

अमेरिकेच्या संरक्षण खात्याने विश्वासार्ह संगणकप्रणालींचे निकष १९८३ मध्ये प्रसिद्ध केले आणि १९८५ मध्ये ते सुधारून पुन्हा काढले. मुखपृष्ठाच्या रंगामुळे हा दस्तऐवज 'नारिंगी पुस्तक' म्हणून ओळखला जातो. त्यातील वरच्या श्रेणींसाठी 'विश्वसनीय मार्ग' आवश्यक मानला गेला, म्हणजे आपण खऱ्या प्रणालीशीच बोलत आहोत अशी खात्री वापरकर्त्याला देणारी वाट. १९९३ मध्ये आलेल्या विंडोज एनटीमध्ये प्रवेशापूर्वी कंट्रोल, ऑल्ट व डिलीट या तीन कळा एकदम दाबावयास सांगितले जाई, ते याच विचाराने. डेव्हिड ब्रॅडली या अभियंत्याने आयबीएमच्या १९८१ च्या वैयक्तिक संगणकात ही त्रयी संगणक पुन्हा चालू करण्यासाठी बसविली होती. एनटीमध्ये तिला पहारेकऱ्याचे काम मिळाले. सामान्य आज्ञावलीला या कळा मध्येच अडविता येत नाहीत, म्हणून त्यानंतर दिसणारा पडदा खरा. कार्यालयांतील बहुतेकांनी या कळा वर्षानुवर्षे दाबल्या, पण त्या का दाबावयाच्या हे त्यांना कोणी सांगितले नाही. प्रवेशद्वाराला अशी मोहोर मिळाली, त्रुटिसंदेशाला ती कधीच मिळाली नाही.

संदेशपेटी आणि थट्टा

वैयक्तिक संगणकाबरोबर त्रुटिसंदेशाला चेहरा आला. १९८४ च्या मॅकिंटॉशवर सुझन केअर यांनी रेखाटलेला वातीचा बॉम्ब दिसे. १९८५ च्या अमिगावर काळ्या पार्श्वभूमीवर लुकलुकणारी तांबडी चौकट येई आणि तीत 'गुरू मेडिटेशन' असे शब्द असत. या शब्दांचे मूळ असे, की अमिगाच्या निर्मात्यांनी पूर्वी पायाखाली घेऊन खेळण्याची एक फळी बाजारात आणली होती. काम अडले की अभियंते त्या फळीवर निश्चल बसण्याचा खेळ खेळत. अभियंत्यांचा खाजगी विनोद अशा रीतीने ग्राहकाच्या माथी आला. विंडोज ९५ वर येणारा 'या प्रोग्रॅमने बेकायदेशीर क्रिया केली आहे' अशा अर्थाचा संदेश तर कायद्याची भाषा बोलत होता. त्यातील 'बेकायदेशीर' हा शब्द प्रक्रियकाच्या नियमांपुरता होता, पण वाचणाऱ्याला तो फौजदारी वाटल्यास दोष वाचणाऱ्याचा नव्हता. पुढच्या आवृत्त्यांत त्या जागी दिलगिरीची भाषा आली.

नकलेच्या दृष्टीने महत्त्वाचा बदल यांहून साधा होता. विंडोजने आज्ञावली लिहिणाऱ्यांना एक तयार 'संदेशपेटी' दिली. शीर्षक, मजकूर, चिन्ह आणि बटणे सांगितली की चौकट पडद्यावर येते. तांबड्या वर्तुळातील फुली हे चिन्ह प्रणालीच्या गंभीर संदेशात असते तेच, आणि ते कोणालाही मागता येते. व्हीबीस्क्रिप्ट या सोप्या भाषेत हे काम एका ओळीत होई; नोटपॅडमध्ये ती ओळ लिहून योग्य नावाने जतन केली की पुरे. महाविद्यालयांच्या संगणक प्रयोगशाळांत विद्यार्थ्यांना हे ज्ञान अभ्यासक्रमाआधी होत असे, हे तेथे शिकविलेल्या कोणालाही ठाऊक असेल.

त्यापूर्वीही डॉसवर 'ड्रेन' नावाची एक आज्ञावली हातोहात फिरत असे. ए ड्राइव्हमध्ये पाणी शिरले आहे, असा संदेश ती गंभीरपणे देई आणि मग पाणी काढल्याचा, चकती सुकविल्याचा आवाज करी. तिच्याने कोणाचे काही बिघडले नाही. पुढे विषाणुरोधक सॉफ्टवेअरच्या उत्पादकांनी अशा आज्ञावल्यांसाठी 'जोक' आणि 'होक्स' असे वेगळे वर्ग केले. हानी करीत नाही, तरीही नोंद घ्यावी लागते, अशी ही वर्गवारी. केवळ एका खोट्या वाक्यामुळे विषाणूंच्या यादीशेजारी बसण्याचा मान संगणकशास्त्रात दुसऱ्या कशाला मिळाला असेल असे वाटत नाही.

याच काळातील एक घटना मात्र थट्टेत मोडणारी नव्हती. डिसेंबर १९८९ मध्ये एड्सविषयी माहिती देणारी म्हणून सुमारे २०,००० फ्लॉपी चकत्या टपालाने पाठविण्यात आल्या. संगणक साधारण ९० वेळा चालू केल्यानंतर त्यांतील आज्ञावली फाइलींची नावे कूटबद्ध करी आणि 'सॉफ्टवेअरच्या भाडेकराराची मुदत संपली आहे' असे सांगून १८९ डॉलर पनामा येथील पत्त्यावर पाठवावयास सांगे. खंडणीसाठी संगणक वेठीस धरण्याचे हे पहिले ज्ञात उदाहरण होय. येथे खंडणीला व्यवहारी सूचनेचा वेष होता, ही बाब ध्यानात घेण्याजोगी आहे.

निळा पडदा

त्रुटिसंदेशांत सर्वाधिक प्रसिद्धी मिळाली ती विंडोजच्या निळ्या पडद्याला आणि साहजिकच सर्वाधिक नकलाही त्याच्याच झाल्या. विंडोज एनटीचा निळा पडदा जॉन व्हर्ट यांनी लिहिला. ते ज्या यंत्रावर काम करीत त्याचे मूळ सॉफ्टवेअर आणि त्यांचा संपादक या दोहोंत निळ्यावर पांढरी अक्षरे असत, म्हणून तोच रंग घेतला गेला. भीतीचा रंग म्हणून तो कोणी निवडला नव्हता. विंडोज ९५ च्या निळ्या पडद्याला अंतिम रूप रेमंड चेन यांनी दिले. २०१४ मध्ये चेन यांनी आणखी एक आठवण लिहिली : विंडोज ३.१ मध्ये कंट्रोल-ऑल्ट-डिलीट दाबल्यावर येणाऱ्या पडद्याचा मजकूर त्या वेळचे विभागप्रमुख स्टीव्ह बाल्मर यांना आवडला नाही, तेव्हा तो त्यांनी स्वतः लिहून दिला. यावरून अनेक वृत्तसंस्थांनी 'निळ्या पडद्याचा मजकूर बाल्मर यांचा' अशी बातमी दिली आणि चेन यांना खुलासा करावा लागला. खोट्या संदेशांचा इतिहास लिहिताना खऱ्या संदेशाचे कर्तृत्वही असे भलत्याच्या नावावर चढलेले आढळते.

२० एप्रिल १९९८ रोजी शिकागो येथील कॉमडेक्स प्रदर्शनात विंडोज ९८ चे प्रात्यक्षिक चालू असताना, स्कॅनर जोडताच बिल गेट्स यांच्यासमोर मोठ्या पडद्यावर निळा पडदा आला. सभागृहात हशा पिकला. निळा पडदा तोपर्यंत सर्वांना ओळखीचा झाला होता याची ही पावती होती. आणि जे सर्वांना ओळखीचे तेच नकलेला योग्य.

या नकलांतील सर्वांत काटेकोर नक्कल मार्क रसिनोविच यांची. ब्राइस कॉग्सवेल यांच्यासह त्यांनी १९९६ मध्ये सुरू केलेल्या उपक्रमातून विंडोजच्या अंतरंगाची तपासणी करणारी अनेक मोफत साधने निघाली व 'सिसइंटर्नल्स' या नावाने ती प्रशासकांच्या नित्य वापरात आली. याच संग्रहात 'ब्लूस्क्रीन' नावाचा स्क्रीनसेव्हर होता. संगणक काही वेळ पडून राहिला की तो निळा पडदा दाखवी, मग संगणक पुन्हा चालू होत असल्याचा देखावा करी, चकतीची तपासणी करताना चुका सापडल्याचे दाखवी आणि पुन्हा कोसळे. त्याचे खरे वैशिष्ट्य मजकुराच्या उगमात होते. प्रणालीची आवृत्ती, प्रक्रियकाची माहिती, स्मृतीची क्षमता, चकतीचा तपशील, चालू असलेल्या ड्रायव्हरांची नावे व स्मृतीतील त्यांचे पत्ते हे सर्व तो समोरच्या संगणकातूनच वाचून घेई. पडद्यावरची प्रत्येक ओळ खरी असे, खोटा असे तो फक्त बिघाड. हवे असल्यास चकती चालू असल्याचा भास निर्माण करण्याची सोयही त्यात होती. त्यामुळे सामान्य वापरकर्त्याप्रमाणेच जाणकारही त्याला फसे. नक्कल करणाऱ्याला मूळ वस्तूचे सखोल ज्ञान असावे लागते हे या साधनाइतके स्वच्छपणे दुसरे कोणते दाखवीत नाही.

रसिनोविच यांचेच 'नॉटमायफॉल्ट' हे साधन याच्या शेजारी ठेवून पाहावे. ते बिघाडाची नक्कल करीत नाही. गाभ्यात खरा बिघाड घडवून आणते, जेणेकरून प्रशासकाला त्याचा माग काढण्याचा सराव व्हावा. एक साधन खऱ्या माहितीवर खोटा बिघाड रचते, दुसरे खोट्या कारणाने खरा बिघाड घडविते, आणि दोन्हींचा हेतू निर्मळ आहे. जुलै २००६ मध्ये मायक्रोसॉफ्टने त्यांची कंपनी विकत घेतली. ज्या पडद्याची थट्टा होत होती त्याच पडद्याच्या मालकाच्या अधिकृत संग्रहात हा स्क्रीनसेव्हर जाऊन बसला. रसिनोविच पुढे मायक्रोसॉफ्टच्या अझ्युर या विभागाचे मुख्य तंत्रज्ञान अधिकारी झाले.

युनिक्सच्या बाजूला जेमी झाविन्स्की यांच्या 'एक्सस्क्रीनसेव्हर' या १९९२ पासूनच्या संग्रहात अशीच एक आज्ञावली आहे. तिची दृष्टी निराळी आहे. ती एकाच प्रणालीची थट्टा करीत नाही. विंडोज, मॅकिंटॉश, अमिगा, अटारी, लिनक्स, सोलारिस, व्हीएमएस अशा अनेक प्रणालींचे कोसळणे ती आळीपाळीने दाखविते. यांतील कित्येक यंत्रे आज चालू स्थितीत पाहावयास मिळणे कठीण. संग्रहालये यंत्राचा सांगाडा जपतात. ते यंत्र मरताना काय बोलत असे याची नोंद मात्र एका थट्टेच्या आज्ञावलीत राहिली. संगणकाच्या इतिहासाचे साधन म्हणून अशा आज्ञावल्यांकडे अभ्यासकांचे जावे तेवढे लक्ष गेलेले नाही.

जाहिरात आणि न्यायालय

महाजालावर जाहिराती आल्या तेव्हा चौकोनी चित्रावर कोणी क्लिक करीत नाही ही अडचण उभी राहिली. उपाय सापडला तो त्रुटिसंदेशात. करड्या चौकटीचे, निळ्या शीर्षकपट्टीचे, 'ओके' बटण असलेले चित्र काढावयाचे आणि त्यात 'तुमचा संगणक आयपी पत्ता प्रसारित करीत आहे' अशा अर्थाचे वाक्य घालावयाचे. महाजालाशी जोडलेला प्रत्येक संगणक हे करीतच असतो, म्हणून विधान खोटे नव्हते. धोक्याच्या सूचनेचा वेष तेवढा खोटा होता. बटण म्हणजे चित्राचाच भाग, कोठेही स्पर्श केला तरी जाहिरातदाराचे पान उघडे. अशा जाहिरातींबद्दल बोंझी सॉफ्टवेअर या कंपनीविरुद्ध वॉशिंग्टन राज्यातील स्पोकेन येथे डिसेंबर २००२ मध्ये सामूहिक दावा दाखल झाला. मे २००३ मध्ये तडजोड झाली. जाहिराती विंडोजच्या संदेशासारख्या न भासता जाहिरातीसारख्या दिसतील असा बदल करण्याचे कंपनीने मान्य केले आणि वकिलांच्या खर्चापोटी १,७०,००० डॉलरहून अधिक रक्कम देऊ केली. संदेशाच्या मजकुराइतकाच त्याचा वेषही दिशाभूल करणारा असू शकतो, हा मुद्दा या प्रकरणाने पुढे आला.

त्याच सुमारास विंडोजमधील 'मेसेंजर सेवा' जाहिरातदारांच्या हाती पडली. कार्यालयाच्या जाळ्यात प्रशासकाने सूचना द्यावी यासाठी ती केलेली होती. बाहेरचा कोणीही तिच्यातून संदेश पाठवू शके आणि तो चित्र नसून खरी संदेशपेटी म्हणून उमटे. नोव्हेंबर २००३ मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने सॅन डिएगो येथील एका कंपनीविरुद्ध कारवाई केली. ही कंपनी असे संदेश दर काही मिनिटांनी पाठवी, आणि संदेशांत विक्रीला काय ठेवलेले असे, तर असे संदेश बंद करणारे सॉफ्टवेअर! ऑगस्ट २००४ च्या विंडोज एक्सपीच्या दुसऱ्या सुधारणासंचात ही सेवा मुळातच बंद ठेवण्यात आली.

पुढची पायरी म्हणजे खोटी तपासणी. विनफिक्सर, एररसेफ, ड्राइव्हक्लीनर अशा नावांनी विकले जाणारे सॉफ्टवेअर आधी 'तपासणी' करून शेकडो दोष दाखवी आणि ते दूर करण्यासाठी सुमारे ४० डॉलर वा अधिक मागे. फेडरल ट्रेड कमिशनने डिसेंबर २००८ मध्ये खटला भरला तेव्हा दहा लाखांहून अधिक ग्राहक फसल्याचे म्हटले होते. २०१२ मध्ये १६.३ कोटी डॉलरचा निवाडा झाला. असे व्यवहार केवळ अंधाऱ्या कोपऱ्यांतच चालत असे समजण्याचे कारण नाही. ऑफिस डेपो या नामांकित दुकानसाखळीत संगणकाची मोफत तपासणी केली जाई. तपासणीपूर्वी ग्राहकाला चार प्रश्न विचारीत : संगणक मंद झाला आहे काय, तो वरचेवर बंद पडतो काय, इत्यादी. यांपैकी एकाचेही उत्तर होकारार्थी आले की निष्कर्षात अपायकारक सॉफ्टवेअरची लक्षणे आढळल्याचे दिसे. तपासणीत काय सापडले याचा त्याच्याशी संबंध नसे. मार्च २०१९ मध्ये ऑफिस डेपो आणि तिला सॉफ्टवेअर पुरविणारी कंपनी यांनी मिळून ३.५ कोटी डॉलर देऊन हे प्रकरण मिटविले. ग्राहकाची स्वतःची तक्रारच त्याला यंत्राचा निदानसंदेश म्हणून परत विकली जात होती, असा याचा सरळ अर्थ होतो.

दूरध्वनी क्रमांकाचा प्रवेश

यानंतरच्या टप्प्यात भारताचे नाव येते आणि ते अभिमानाने घ्यावे असे नाही. ऑक्टोबर २०१२ मध्ये फेडरल ट्रेड कमिशनने तंत्रसाहाय्याच्या नावाखाली चालणाऱ्या सहा फसवणुकींविरुद्ध कारवाई जाहीर केली. त्यांतील बहुतेक भारतातून चालत. दूरध्वनी करणारा स्वतःला मोठ्या कंपनीचा माणूस म्हणवी आणि समोरच्याला विंडोजमधील 'इव्हेंट व्ह्यूअर' उघडावयास सांगे. सुस्थितीतील संगणकाच्या या नोंदवहीतही तांबड्या-पिवळ्या खुणांच्या नोंदी असतात, कारण किरकोळ अडचणींची नोंद ठेवणे हेच तिचे काम. त्या खुणा दाखवून 'तुमचा संगणक विषाणूंनी भरला आहे' असे सांगितले जाई व दुरुस्तीसाठी ४९ ते ४५० डॉलर घेतले जात. येथे नक्कल करण्याचीही गरज उरली नव्हती. त्रुटिसंदेश खरे होते, खोटा होता तो त्यांचा अर्थ. अनेक वर्षे दुर्बोध लिहिलेल्या संदेशांनी वापरकर्त्याला न वाचता घाबरावयास शिकविले होते, त्याचे फळ दुसऱ्यांनीच खाल्ले. महाराष्ट्रात एमएस-सीआयटीसारख्या अभ्यासक्रमांतून संगणकाशी ओळख झालेल्या, परंतु इंग्रजी बेताचीच असलेल्या वापरकर्त्यापुढे तर त्या मजकुराचे केवळ एक चित्र राहते : एक तांबडी खूण आणि एक बटण.

ऑक्टोबर २०१६ मध्ये मायक्रोसॉफ्टने 'हिकर्डिस्मॉस' नावाच्या एका आज्ञावलीबाबत इशारा दिला. ती कंपनीच्याच विषाणुरोधक सॉफ्टवेअरच्या नावाने संगणकात शिरे, माऊसचा बाण लपवी, टास्क मॅनेजर बंद पाडी आणि पडदाभर निळा पडदा दाखवी. रसिनोविच यांच्या विनोदाची ही सर्व सामग्री होती. भर एकाच गोष्टीची होती, खाली छापलेल्या दूरध्वनी क्रमांकाची. खऱ्या निळ्या पडद्यावर असा क्रमांक नसतो. यंत्र स्वतःचा बिघाड सांगते, फोन करावयास सांगत नाही, एवढा एक भेद ओळखण्यासाठी उरला होता.

मायक्रोसॉफ्टच्या तक्रारींवरून नोव्हेंबर २०१८ मध्ये गुरुग्राम व नोएडा येथील पोलिसांनी १६ कॉल सेंटरांवर छापे घातले. ऑक्टोबर २०२३ मध्ये केंद्रीय अन्वेषण विभागाने 'ऑपरेशन चक्र-२' या मोहिमेत देशात ७६ ठिकाणी झडत्या घेतल्या. त्यांतील काही प्रकरणे मायक्रोसॉफ्ट व ॲमेझॉन यांच्या नावाने खोटे तंत्रसाहाय्य देण्याची होती. माहिती तंत्रज्ञान कायद्यात २००८ च्या दुरुस्तीने घातलेले कलम ६६-ड तोतयेगिरी करून संगणकाद्वारे केलेल्या फसवणुकीस तीन वर्षांपर्यंत कारावास व एक लाख रुपयांपर्यंत दंड ठरविते. कायद्याने तोतया म्हणून कल्पिलेली व्यक्ती माणसाचे रूप घेणारी आहे. यंत्राचे रूप घेणारा तोतया त्यात बसवावा लागतो तो यंत्रामागील कंपनीच्या नावाने. अमेरिकेतील एफबीआयच्या नोंदीनुसार एकट्या २०२३ मध्ये तंत्रसाहाय्याच्या फसवणुकीत ९२ कोटी डॉलरहून अधिक रक्कम गेली.

अलीकडील वळण

२०२४ पासून या प्रकाराने नवे रूप धारण केले. सुरक्षा-संशोधकांनी त्याला 'क्लिकफिक्स' हे नाव दिले. 'हे पान नीट दिसू शकत नाही' किंवा 'ही फाइल उघडता आली नाही' असा खोटा संदेश येतो आणि दुरुस्तीची कृती सांगतो : अमुक कळा दाबा, येथील ओळ तेथे चिकटवा, एंटर दाबा. त्या ओळीत घातक आज्ञा असते आणि ती वापरकर्ता स्वतःच्या हाताने चालवितो. परक्याने आत शिरू नये म्हणून उभारलेल्या भिंतींचा येथे उपयोग कमी होतो, कारण आज्ञा देणारा घरचाच असतो. १९७० च्या दशकातील टर्मिनलसमोर बसलेल्या माणसाने 'प्रवेश अमान्य' वाचून निमूटपणे परवलीचा शब्द पुन्हा टंकला होता. आज्ञा पाळण्याची ती सवय येथेही जशीच्या तशी कामास आली आहे.

१९ जुलै २०२४ रोजी क्राउडस्ट्राइक या कंपनीच्या सदोष सुधारणेमुळे सुमारे ८५ लाख विंडोज संगणक खरोखरीच कोसळले. भारतात विमान-प्रवाशांना हाताने लिहिलेली प्रवेशपत्रे देण्याची पाळी आली. त्याच दिवशी लास वेगासच्या 'स्फिअर' या भव्य गोलाकार वास्तूवर निळा पडदा झळकत असल्याचे छायाचित्र जगभर फिरले. ते बनावट होते. लाखो खरे निळे पडदे समोर असताना लोकांनी एक खोटाही आवडीने पाहिला.

जून २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्टने विंडोज ११ मधील हा पडदा यापुढे काळा राहील असे जाहीर केले. २०१२ पासूनचा दुर्मुखलेला चेहरा आणि २०१६ मध्ये आलेला क्यूआर संकेत दोन्ही वगळण्यात आले; बिघाडाचा संकेतांक आणि दोषी ड्रायव्हरचे नाव एवढेच उरले. जॉन व्हर्ट यांनी केवळ सवयीने उचललेला रंग बत्तीस वर्षांनी खऱ्या पडद्यावरून निघून गेला. 'ब्लूस्क्रीन' हा स्क्रीनसेव्हर एनटी ४, २००० व एक्सपी या प्रणालींसाठी लिहिला गेला होता. एक्सपीचा आधार मायक्रोसॉफ्टने ८ एप्रिल २०१४ रोजी काढून घेतला, आणि त्या प्रणालींचा पडदा त्या नकलेत मात्र पूर्वीइतकाच निळा आहे.